झे. सोलकर

आपल्या मंडळाच्या अभ्यासवर्गाचा यंदाचा विषय तुम्हाला माहीत आहेच: 'कारकीर्द कशी वाचावी'. प्रत्येकाने एक माणूस निवडायचा आणि त्याच्याबद्दल मिळेल ते वाचून इथे मांडायचं. कोणी रेव्हरंड टिळक घेतले, कोणी लक्ष्मीबाई, एकाने बाबा पदमनजी. मी बेसबॉलचा खेळाडू घेतला तेव्हा सर चष्म्यावरून बघत राहिले.

कारण साधं होतं. शाळेत मी सॉफ्टबॉल खेळायचे. आमचं घर कन्नौदला, देवास जिल्ह्यात, इंदूर-बैतूल रस्त्यावर. तिथे मुलींनी क्रिकेट खेळायचं म्हटलं की दहा जण बघायला उभे राहतात, पण सॉफ्टबॉल कोणालाच नीट कळत नसल्यामुळे कोणी काही बोलत नाही. मी थर्ड बेसला उभी राहायचे. कॉलेजात अमेरिकन साहित्याच्या पेपरसाठी वाचताना ब्रूक्स रॉबिन्सन हे नाव सापडलं आणि कळलं, की अरे, हा तर माझ्याच जागेवर उभा राहायचा.

आधी जागा समजून घेऊ. बेसबॉलमध्ये मैदानाचा आतला चौकोन असतो, त्याच्या बाजू ९० फुटांच्या. त्या चौकोनाभोवती चार जण उभे असतात: फर्स्ट बेस, सेकंड बेस, थर्ड बेस आणि सेकंड-थर्डच्या मधला शॉर्टस्टॉप. हे इनफिल्डर. बाहेर लांब हिरवळीवर तिघे असतात, ते वेगळे. थर्ड बेसच्या जागेला तिकडे 'हॉट कॉर्नर' म्हणतात. उजव्या हाताने खेळणारा फलंदाज चेंडू ओढून मारतो तो सरळ तिथेच येतो. ताशी १४० किलोमीटरने सुटलेला चेंडू ९० फूट पार करायला पाऊण सेकंदही घेत नाही. सॉफ्टबॉलमध्ये तेच अंतर ६० फूट असतं. माझ्या डाव्या हाताच्या करंगळीचं पेर अजून नीट वळत नाही, ते त्याच ६० फुटांमुळे.

रॉबिन्सन या जागेवर १९५५ ते १९७७ असे २३ हंगाम उभा राहिला आणि ते सगळे एकाच संघासाठी, बाल्टिमोर ओरिओल्ससाठी. उत्तम क्षेत्ररक्षकाला मिळणारा गोल्ड ग्लव्ह त्याने १९६० ते १९७५ सलग १६ वर्षं घेतला. १९७० च्या वर्ल्ड सिरीजमध्ये सिनसिनाटीविरुद्ध थर्ड बेसच्या मागे, रेषेच्याही बाहेर जाऊन त्याने चेंडू अडवला आणि तिथूनच अंग वळवून फर्स्टला फेकला. त्या मालिकेचा सर्वोत्तम खेळाडू तोच ठरला. लोक त्याला 'ह्यूमन व्हॅक्यूम क्लीनर' म्हणायचे. फलंदाजीची कारकिर्दीची सरासरी .२६७, म्हणजे बरी, पण डोळे दिपवणारी नाही. तरी १९८३ मध्ये तो हॉल ऑफ फेममध्ये गेला. मुख्यतः हातांमुळे गेला.

एवढं लिहून मी सरांकडे नेलं. त्यांनी वाचलं, चांगलं आहे म्हणाले आणि मग विचारलं, "इनफिल्डरला मराठीत काय म्हणशील?"

मी म्हटलं, "आतला क्षेत्ररक्षक."

"ऐकायला कसं वाटतं?"

वाईटच वाटत होतं. आतला म्हणजे कसला आतला? तुरुंगातला? सर म्हणाले, "शब्द नसला तर माणूस शोध. मराठीत असं काम केलेला माणूस असेलच ना."

एकनाथ सोलकर माझ्यासमोर आला तो असा. खरं तर आला नाही, आधीपासून होताच. आमच्या घरात ते नाव मी लहानपणापासून ऐकत होते आणि कधी लक्ष दिलं नव्हतं. त्याबद्दल पुढे सांगते.

आधी धावफलक वाचायला शिकू. साहित्याच्या विद्यार्थ्यांनी धावफलक का वाचायचा असं कोणी म्हणेल, पण इतकी घट्ट विणलेली भाषा मी दुसरीकडे फारशी पाहिलेली नाही. मराठी वर्तमानपत्रात असं छापतात: नॉट झे. सोलकर गो. वेंकटराघवन १. सहा शब्द, त्यातले दोन अर्धे. यात क्रियापद नाही, तरी एक पूर्ण घटना आहे. आणि क्रम बघा. गोलंदाजाच्या नावे बळी जमा होतो, पण नाव आधी झेल घेणाऱ्याचं. वाक्यात कर्ता पहिला आणि मालक नंतर.

बाकीचे शब्दही बघण्यासारखे आहेत. त्रिफळाचीत, पायचीत, यष्टीचीत, धावचीत. 'चीत' हा कुस्तीतला शब्द, पाठ टेकवणं. म्हणजे इंग्लंडमधून आलेल्या खेळाला आपण तालमीच्या मातीत उतरवलं. बाळ ज. पंडितांसारख्या समालोचकांनी हे शब्द रेडिओवरून घराघरात नेले. मात्र झेलाला आपण 'झेलचीत' म्हणत नाही, झेलबाद म्हणतो. का ते मला सांगता येत नाही, पण कानाला पटतं. झेलात कोणी कोणाला पाडत नाही.

आता या शब्दाची एक गंमत, जी पुण्या-मुंबईच्या माणसाला पटकन सुचणार नाही. कन्नौदला आम्ही घरात मराठी आणि दाराबाहेर हिंदी बोलतो, खरं तर माळवी वळणाची हिंदी. हिंदीत 'झेलना' म्हणजे सोसणं. शेजारची काकू म्हणते, "इत्ते साल झेला हमने." मी लहान असताना वाटायचं की त्यांनी कुठलातरी चेंडू पकडला. मराठीतही वार झेलतात, पण पहिला अर्थ पकडण्याचाच येतो. सोलकरने आयुष्यभर जिथे उभं राहून काम केलं, त्या शॉर्ट लेगला दोन्ही अर्थ एकाच वेळी लागू पडतात.

शॉर्ट लेग म्हणजे फलंदाजाच्या पायाच्या बाजूला, दोन-तीन पावलांवर, गुडघ्यात वाकून उभा असलेला माणूस. बेसबॉलच्या इनफिल्डरला चामड्याचा मोठा ग्लव्ह असतो. याला काहीच नाही, यष्टिरक्षक सोडून कोणालाच हातमोजे घालता येत नाहीत. चेंडू १५६ ते १६३ ग्रॅमचा, बेसबॉलपेक्षा जड. साधं गणित करून बघा. चेंडू बॅटवरून ताशी ७२ किलोमीटरने सुटला, जो काही फार जोराचा फटका नव्हे, तर अडीच मीटर पार करायला त्याला सेकंदाचा आठवा भाग लागतो. डोळ्यांनी बघून हात हलवायला माणसाला साधारण पाचवा भाग लागतो. म्हणजे बघून पकडायचं म्हटलं तर चेंडू निघून गेलेला असतो. याचा अर्थ एवढाच, की तिथे उभा असलेला माणूस चेंडू सुटायच्या आधीच कुठेतरी निघालेला असतो. हे मला थर्ड बेसला कधी जमलं नाही.

आणि हेल्मेट नव्हतं. कसोटी सामन्यात हेल्मेट घालून पहिल्यांदा फलंदाजीला आला तो ऑस्ट्रेलियाचा ग्रॅहम यॅलप, १९७८ मध्ये, ब्रिजटाऊनला. तोवर सोलकरची कसोटी कारकीर्द संपली होती. धोका किती खरा होता ते पुढे कळलं. १९९८ मध्ये ढाक्यातल्या क्लब सामन्यात भारताचा माजी सलामीवीर रमण लांबा शॉर्ट लेगला हेल्मेट न घालता उभा राहिला, चेंडू डोक्याला लागला आणि तो गेला. ३८ वर्षांचा होता.

सोलकरचा जन्म १८ मार्च १९४८ चा, मुंबईचा. वडील मरीन ड्राइव्हच्या हिंदू जिमखान्यावर ग्राउंड्समन होते. मैदानाच्या कडेलाच एका खोलीत कुटुंब राहायचं. लहानपणी तो सामन्यांच्या वेळी फलकावरचे आकडे बदलायचा. १९६४ मध्ये शालेय संघातून सिलोनला गेला आणि १९६५-६६ मध्ये लंडन स्कूल्सविरुद्ध भारतीय शालेय संघाचा कर्णधार झाला. त्या संघात सुनील गावसकर आणि मोहिंदर अमरनाथ होते. कसोटी पदार्पण ऑक्टोबर १९६९, हैदराबाद, न्यूझीलंडविरुद्ध.

'व्यावसायिक खेळाडू' हा शब्द इथे जपून वापरायला हवा. रॉबिन्सन पगारी होता, खेळणं हीच त्याची नोकरी. आपल्याकडे त्या काळात खेळाडू एखाद्या कंपनीत किंवा बँकेत कामाला असायचे आणि तिच्या संघातून टाइम्स शील्ड खेळायचे. देशासाठी खेळणं हे नोकरीतल्या रजेसारखं होतं. म्हणजे दोघे एकच काम करत होते, पण एकाला त्याचा पगार होता आणि दुसऱ्याला त्या कामामुळे दुसऱ्या कामाचा पगार होता.

१९७१ हे वर्ष नीट वाचायला हवं, कारण सोलकर त्यात सगळीकडे आहे आणि मथळ्यात कुठेच नाही. वेस्ट इंडिजमध्ये पहिली कसोटी किंगस्टनला. भारत ५ बाद ७५. तिथून मडगावचे दिलीप सरदेसाई आणि सोलकर १३७ धावा जोडतात. सरदेसाई २१२, सोलकर ६१. आपल्याला आठवतात सरदेसाई, आणि ते बरोबरच आहे. पुढे ब्रिजटाऊनला ६ बाद ७०. पुन्हा तेच दोघे, या वेळी १८६ ची भागी. सरदेसाई १५०, सोलकर ६५. मधल्या पोर्ट ऑफ स्पेनच्या कसोटीत भारताने वेस्ट इंडिजला पहिल्यांदा हरवलं. ती कसोटी गावसकरांच्या पदार्पणाची म्हणून सांगितली जाते. सोलकरने त्या सामन्यात सहा झेल घेतले होते.

मग इंग्लंड. लॉर्ड्सवर ६७. आणि शेवटची कसोटी ओव्हलवर.

ओव्हलचं नाव आम्हा इंदूरकडच्या लोकांना वेगळ्या कारणाने माहीत असतं. कन्नौद जुन्या होळकर संस्थानातलं, आणि होळकरांचा क्रिकेट संघ म्हणजे काय ते इकडचे म्हातारे अजून सांगतात: १९४५-४६ पासून १९५२-५३ पर्यंत चार वेळा रणजी करंडक, कर्णधार सी. के. नायडू. त्या संघातले चंदू सरवटे १९४६ मध्ये भारताबरोबर इंग्लंडला गेले. ओव्हलवर सरेविरुद्ध ९ बाद २०५ असताना दहाव्या क्रमांकावरचे सरवटे आणि अकराव्या क्रमांकावरचे शूट बॅनर्जी यांनी शेवटच्या जोडीसाठी २४९ धावा केल्या. दोघांचीही शतकं. शेवटच्या दोघांनी शतकं करणं हे मला नेहमी वर्गातल्या मागच्या बाकासारखं वाटतं. विषयांतर झालं, पण इंदूरला शिकणाऱ्याने सरवट्यांचं नाव न घेता ओव्हलवर जाऊ नये.

तर १९७१, ऑगस्ट. इंग्लंड पहिल्या डावात ३५५. सोलकरने मध्यमगती गोलंदाजी करून २८ धावांत ३ बळी घेतले. भारत २८४, त्यात सोलकर ४४. म्हणजे इंग्लंडकडे ७१ ची आघाडी. २३ तारखेला दुसरा डाव. चंद्रशेखरच्या हाताला चेंडू लागून यष्टींवर गेला आणि जेमसन धावचीत. उपाहार जवळ आला तेव्हा चंद्रशेखरने एड्रिचचा त्रिफळा उडवला आणि पुढच्याच चेंडूवर फ्लेचर, झे. सोलकर. ३ बाद २४.

उपाहारानंतर नॉट आला. अ‍ॅलन नॉट त्या उन्हाळ्यात आपल्याला सारखा नडत होता, पहिल्या डावात त्याने ९० केल्या होत्या. तो टिकला असता तर सामना हातातून जाऊ शकला असता. वेंकटराघवनचा ऑफब्रेक, नॉटच्या बॅटची कड आणि पॅड, आणि चेंडू पुढे, जमिनीकडे. सोलकरने पुढे झेप घेतली, पूर्ण आडवा, आणि चेंडू जमिनीला लागायच्या आत हाताखाली घेतला. त्या क्षणाचं छायाचित्र प्रसिद्ध आहे, शोधून बघा. फलंदाजाच्या पायांपाशी तो पालथा पडलेला आहे. मी ते पाहिलं तेव्हा पहिल्यांदा चेंडूकडे बघितलंच नाही. माणूस पडला की काय असंच वाटलं.

इंग्लंड सर्वबाद १०१. चंद्रशेखर ३८ धावांत ६. दुसऱ्या दिवशी, २४ ऑगस्टला, भारत चार गडी राखून जिंकला. इंग्लंडमधला पहिला कसोटी विजय, पहिला मालिका विजय. त्या दिवशी गणेश चतुर्थी होती आणि कोणीतरी चेसिंग्टनच्या प्राणिसंग्रहालयातून बेला नावाची हत्तीण मैदानावर आणली होती. या विजयाला चंद्रशेखरचा विजय म्हणतात आणि वाडेकरांचा विजय म्हणतात. बेलाचंही नाव लोकांना माहीत आहे.

आता आकडे एकदाच देते. २७ कसोटी, १०६८ धावा, सरासरी २५.४२, एक शतक, १८ बळी, ५३ झेल. शतक १९७५ चं, वेस्ट इंडिजविरुद्ध, वानखेडेवरच्या पहिल्यावहिल्या कसोटीत, १०२. फलंदाज म्हणून वाचलं तर साधारण, गोलंदाज म्हणून वाचलं तर त्याहून साधारण. पण ५३ ला २७ ने भागा. सामन्यामागे जवळजवळ दोन झेल. राहुल द्रविडने १६४ कसोटींत २१० घेतले, म्हणजे सामन्यामागे सव्वाच्या आसपास. यष्टिरक्षक सोडले तर २० पेक्षा जास्त कसोटी खेळलेल्यांत सोलकरच्या वर कोणी नाही. १९७२-७३ मध्ये इंग्लंडविरुद्धच्या पाच कसोटींत त्याने १२ झेल घेतले. बेदी, प्रसन्ना, चंद्रशेखर आणि वेंकट या चौघांचा काळ आपण सुवर्णकाळ म्हणतो. फिरकीचा बळी बहुतेकदा बॅट-पॅडला उडालेल्या चेंडूवर मिळतो. तिथे हात नसेल तर तो चेंडू नुसता पडतो आणि गोलंदाज कंबरेवर हात ठेवून उभा राहतो.

इथे बेसबॉल आणि क्रिकेटमधला एक फरक मला फार महत्त्वाचा वाटतो. बेसबॉलच्या नोंदवहीत प्रत्येक क्षेत्ररक्षकाला आकडा असतो. थर्ड बेस पाच, शॉर्टस्टॉप सहा, सेकंड चार, फर्स्ट तीन. शॉर्टस्टॉपने अडवून सेकंडला आणि तिथून फर्स्टला टाकून दोघे बाद झाले तर ६-४-३ असं लिहितात. चेंडू कोणाच्या हातातून कोणाच्या हातात गेला ते कायमचं राहतं. चूक झाली तर तीही राहते, 'एरर' म्हणून, त्याच आकड्यासकट. क्रिकेटचा धावफलक एका बाजूने उदार आहे: सुटलेला झेल तो लिहीत नाही. पण दुसऱ्या बाजूने कंजूष आहे. शॉर्ट लेगला माणूस उभा आहे या भीतीने फलंदाजाने बॅट मागे घेतली आणि दुसऱ्याच चेंडूवर पायचीत झाला, तर सोलकरचं नाव कुठेही येत नाही. ५३ झेलांच्या मागे असे किती बळी असतील ते कोणत्याही वहीत नाही.

१९७४ ची लॉर्ड्सची कसोटी यात घालायलाच हवी. भारत सर्वबाद ४२. आमच्या वडिलांच्या पिढीला अजून तो आकडा चावतो. त्या ४२ मध्ये दोन आकडी धावसंख्या एकाचीच होती, सोलकर नाबाद १८. सगळं कोसळत असताना उभा राहिलेला, आणि अर्थातच तरीही हरलेला.

शेवटची कसोटी जानेवारी १९७७, कलकत्ता. वय २८. त्याच मालिकेत, बंगळूरला, यजुर्वेंद्रसिंह नावाच्या नव्या मुलाने पदार्पणातच सामन्यात सात झेल घेऊन जागतिक विक्रमाची बरोबरी केली, आणि तेही जवळच्या क्षेत्ररक्षणात. जागा एक दिवसही रिकामी राहत नाही. रॉबिन्सन निवृत्त झाला तेही १९७७ मध्येच, ४० व्या वर्षी. सोलकर २६ जून २००५ ला मुंबईत गेला. ५७ वर्षांचा होता.

आता ते घरातलं.

सोलकरवर जे काही लिहिलेलं मी वाचलं, मराठीत किंवा इंग्रजीत, त्यातलं बहुतेक एकाच वाक्याने सुरू होतं: ग्राउंड्समनचा मुलगा. मग एक खोली, मग गरिबी, मग 'तरीही'. या 'तरीही'पाशी मी अडले. वडिलांचं काम म्हणजे ओलांडायचा उंबरठा, अशी ती मांडणी असते. वाचणाऱ्याचे डोळे पाणावतात आणि लेख पुढे जातो, ग्राउंड्समन मागे राहतो.

मला हे लागलं, कारण माझे पप्पा कन्नौदच्या एका शाळेत शिपाई आहेत आणि मैदानाचं काम बघतात. आजोबा नगर जिल्ह्यातून मिशनच्या बोर्डिंगात स्वयंपाकी म्हणून आले आणि इकडेच राहिले. कॉलेजच्या पहिल्या वर्षी प्रवेशाच्या फॉर्मवर 'वडिलांचा व्यवसाय' या रकान्यात मी 'शिक्षण क्षेत्रात' असं लिहिलं होतं. खोटं नव्हतं. पण का लिहिलं ते मला माहीत होतं.

दिवाळीच्या सुट्टीत घरी गेले तेव्हा हा लेख अर्धा झाला होता. पप्पा मैदानाला पाणी मारत होते. आमच्याकडची माती काळी, कपाशी-सोयाबीनची. पाऊस संपला की तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात, आणि पाणी जरा जास्त झालं की ती बुटाला धरून वर येते. मी पायऱ्यांवर बसून विचारलं, "पप्पा, सोलकर शॉर्ट लेगला एवढा चांगला कसा होता?"

"एक्की?" पप्पांनी पाइप दुसऱ्या हातात घेतला. "त्याचा बाप मैदानावर होता ना."

"म्हणून काय?"

"म्हणून काय म्हणजे? मैदान मारणाऱ्याच्या पोराला माहीत असतं पाणी कुठं मुरलंय. जिथं मुरलंय तिथनं बॉल थांबून येतो. जिथं वाळलंय तिथनं उडतो. बाकीचे बॉलकडं बघतात. हा आधी जमीन बघणार."

"आणि मग?"

"मग बॅट. बॉलकडं बघायचंच नाही तिथं. बॉलरने टाकला की त्याला विसरायचं. बॅटची कड आणि पॅड, एवढ्या जागेत बघत बसायचं, मांजर बसतं तसं."

मी वर सेकंदाच्या आठव्या भागाचं जे गणित मांडलं, ते या संभाषणानंतर केलेलं आहे. बघून पकडता येत नाही, आधीच निघावं लागतं, आणि आधी निघायचं तर जमीन माहीत हवी. मुंबईत पावसाळ्यात कांगा लीग खेळतात, १९४८ पासून, न झाकलेल्या ओल्या खेळपट्ट्यांवर. चेंडू कुठून थांबेल आणि कुठून उडेल याचा नेम नसतो. अशा मैदानावरच घर असलेल्या मुलाने दहा-बारा वर्षं रोज काय बघितलं असेल? वडील रोलर कधी फिरवतात, पाणी कधी बंद करतात, गवत कुठे ठेवतात. फलंदाज होण्यासाठी चांगली बॅट लागते, आणि ती महाग असते. शॉर्ट लेगला जे लागतं ते त्याच्या घरात होतं.

म्हणून माझं म्हणणं असं, की या चरित्रातला 'तरीही' काढून तिथे 'म्हणून' लिहायला हवं. सरांना हे पूर्ण पटलेलं नाही. ते म्हणाले, ग्राउंड्समनची मुलं हजारो झाली, सोलकर एकच झाला, आणि गरिबीला शाळा म्हणायची घाई करू नकोस. हे बरोबर आहे. मी गरिबीला शाळा म्हणत नाहीये. एका खोलीत राहणं चांगलं असतं असं कोणी तिथे न राहिलेल्यानेच म्हणावं. मी कामाबद्दल बोलते आहे. माती ओळखणं ही विद्या आहे आणि ती कोणाकडून तरी कोणाकडे तरी गेली, एवढंच.

अभ्यासवर्गासाठी एक काम देते. कोणत्याही जुन्या कसोटीचा धावफलक आणा आणि त्यात फक्त 'झे.'च्या पुढची नावं वाचा. गोलंदाज आणि धावा बोटाने झाका. तोच सामना वेगळा दिसतो. १९७१ च्या ओव्हलपासून सुरुवात केलीत तर उत्तम.

मी तेच करत होते तेव्हा एक गोष्ट दिसली. इंग्रजी धावफलकात त्याचं नाव ई. डी. सोलकर असं असतं. ई म्हणजे एकनाथ. डी म्हणजे धोंडू. आपल्याकडच्या रीतीप्रमाणे मधलं नाव वडिलांचं. म्हणजे किंगस्टन, ओव्हल, लॉर्ड्स, वानखेडे, सगळीकडच्या कागदांवर हिंदू जिमखान्याच्या ग्राउंड्समनचं आद्याक्षर छापलेलं आहे. मराठी फलकात ते गळतं. आपण नुसतं सोलकर लिहितो.

रात्री जेवताना मी हे पप्पांना सांगितलं. ते भाकरी मोडत होते.

"धोंडू," ते म्हणाले. मग थोड्या वेळाने विचारलं, "तुझ्या त्या मासिकात नाव कसं छापतात? पूर्ण का नुसतं आडनाव?"

"पूर्ण," मी म्हटलं.

"बरं," म्हणाले, आणि मोटर बंद केली का ते बघायला बाहेर गेले.